नावाचा अर्थ कोणी सांगितला?

घाटकोपरला आमच्या गटातल्या एका ताईंच्या नातीचं बारसं होतं. नाव ठरलं मायरा. नावांच्या पुस्तकात छापलं होतं, ‘मूळ संस्कृत, अर्थ प्रिय’. पाळण्याजवळ बसलेल्या पणजी म्हणाल्या, “असा शब्द मी कुठल्या स्तोत्रात ऐकला नाही गं!” सगळ्या हसल्या. मी मात्र वाचनालयात जाऊन शोधलं.

वामन शिवराम आपटे यांच्या १८९० सालच्या संस्कृत कोशात ‘प्रिय’ अर्थाचा मायरा शब्द मला सापडला नाही. इंग्रजीत हे नाव फुल्क ग्रेव्हिल या कवीने चारशे वर्षांपूर्वी कवितेतल्या प्रेयसीसाठी घडवलं. राजस्थानात मात्र मायरा म्हणजे भाच्याच्या किंवा भाचीच्या लग्नात मामाकडून येणारा आहेर. उच्चार सारखा असला म्हणून मूळ एक नसतं.

मूळ परकं निघालं तर नाव वाईट ठरतं का? मुळीच नाही. शहाजीराजांच्या नावातला ‘शाह’ फारसी, त्याचा अर्थ राजा. फत्तेसिंहातली ‘फत्ते’ अरबी, म्हणजे विजय. माधवराव पटवर्धनांनी १९२५ साली फार्शी-मराठी कोश काढला, त्यात असे कितीतरी शब्द भेटतात. मालोजीराजांनी अहमदनगरच्या शाह शरीफ पिरावरून मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, असं परंपरा सांगते. इथेही फरक ओळखायचा: शब्दाचा अर्थ कोशात मिळतो, नाव ठेवण्याची कथा ही परंपरा असते. दोन्ही सांगाव्यात, पण एकीला दुसरी म्हणू नये.

आणि एक नाव असं, ज्याचा अर्थ शोधायला कोश लागतच नाही: नकुशी. ऑक्टोबर २०११ मध्ये साताऱ्यात अशा २८५ मुलींनी नवी नावं घेतली. तिथे अर्थ अगदी अचूक होता, म्हणूनच तो रोज टोचत होता.

तेव्हा घाई नको. जन्माची नोंद २१ दिवसांत करा. नाव मात्र नोंदणीनंतर १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क घालता येतं. तोवर विचारा: शब्द कोणत्या भाषेतला? कोशात आहे का? आणि मोठी झाल्यावर लेक तो अर्थ अभिमानाने सांगेल का?

आमची मायरा मायराच राहिली. तिच्या आईने बारशाच्या वहीतलं ‘मूळ संस्कृत’ तेवढं खोडलं आणि पुढे लिहिलं, ‘आम्हाला आवडलं म्हणून’. पणजींनी मान डोलावली.