पाऱ्याचं चक्र आणि पाण्याचं जातं

गवंडी आजही लेव्हल काढतो ती पाणसळीनं. पारदर्शक नळी, आत पाणी, दोन टोकांना दोन माणसं. नळी मधे खड्ड्यात लोंबली तरी दोन्ही टोकांचं पाणी एकाच उंचीला येऊन थांबतं. पाणीपुरवठ्यात ओव्हरसियर म्हणून माझी एकतीस वर्षं गेली. घरी पाहुणे आले की आमच्या शहरातल्या पाणचक्कीला नेण्याआधी मी त्यांना ही नळी दाखवतो, कारण तिथे कुणीतरी हमखास म्हणतं, "साब, पानी अपनेआप ऊपर चढता." मग पाहुणे 'काय किमया!' म्हणतात आणि फोटो काढतात.

किमया हा शब्द अरबी 'कीमिया'तून आला. हलक्या धातूचं सोनं करायची ती विद्या. आपल्याकडे त्या विद्येचा राजा पारा, आणि आपोआप फिरणाऱ्या चाकाचं स्वप्नही पाऱ्यावरच रचलेलं. भास्कराचार्यांनी ११५० मध्ये लिहिलेल्या 'सिद्धान्तशिरोमणी'त यंत्रांवर एक अध्याय आहे. त्यात कृती दिली आहे: हलक्या लाकडाचं गुळगुळीत चक्र घ्या, त्याला सारख्या अंतरावर सारख्या मापाच्या पोकळ आऱ्या बसवा, आऱ्या किंचित वाकलेल्या ठेवा. प्रत्येकीत अर्धा पारा भरून तोंडं बंद करा. दोन खांबांमधल्या आसावर ठेवलं की चक्र स्वतःच फिरतं. नाव स्वयंवह.

फिरत नाही. एका बाजूचा पारा आसापासून लांब जातो हे खरं, पण दुसऱ्या बाजूला आसाजवळ पाऱ्याच्या आऱ्या जास्त जमतात आणि हिशेब मिटतो. थोडं डोलून चक्र उभं राहतं. एवढ्या मोठ्या गणितज्ञानं ते करून पाहिलं नसेल का, हा प्रश्न मला छळतो. त्याच अध्यायात त्यांनी वाकड्या नळीनं भांड्यातलं पाणी बाहेर काढायची युक्ती, म्हणजे आपला सायफन, अगदी बरोबर सांगितली आहे! आणि त्यांच्या आधीच्या लल्ल या ज्योतिषाच्या यंत्राला मात्र ते ग्राम्य म्हणतात, कारण ते दुसऱ्या कशावर तरी अवलंबून आहे.

हे सगळं आपल्या दाराशी घडलेलं आहे. कन्नडचा घाट उतरलं की पाटणे. तिथल्या शिलालेखात भास्कराचार्यांचा नातू चांगदेव भेटतो. तो देवगिरीच्या सिंघण यादवाचा ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवायला त्यानं मठ काढला. देवगिरीच्या दरबारात कधीतरी कुणी पाऱ्याचं चक्र काढून बसलं असेल, असं मला उगाच वाटत राहतं.

पाणचक्की हे तसंच 'ग्राम्य' यंत्र, पाण्यावर अवलंबून असलेलं. महमूद दरवाजाजवळ, खाम नदीच्या काठी. इथले संत बाबा शाह मुसाफिर बुखाऱ्याकडच्या गिज्दुवानचे, नक्शबंदी परंपरेतले. गॅझेटियर सांगतं की इथे पाणी आणणारी नहर त्यांनी सुरू केली, तुर्कताजखान या सरदारानं १६९५ च्या सुमारास ती पुरी केली आणि लांबट हौद व कारंजी नंतर जमील बेग खानानं बांधली. हौदाखाली दालन आहे. डोक्यावर पाणी असल्यामुळे मे महिन्यातही तिथे गारवा.

उत्तरेच्या डोंगराकडचं पाणी खापरी नळांतून जमिनीखालून येतं, भिंतीतल्या नळातून वर चढतं आणि उंचावरून हौदात पडतं. चढतं ते झऱ्याची पातळी त्याहून उंच आहे म्हणून. पाणसळच ती, फक्त काही कोसांची. जात्याची रचना माझ्या आजीच्या जात्याइतकीच साधी. खालचा दगड पक्का, वरचा फिरता. दांड्याला खाली आडवं पात्यांचं चाक, त्यावर पाण्याचा मारा. दातेरी चाकं वगैरे काही नाही. आजी पहाटे खुंटा धरून दोन शेर दळायची आणि खांदा धरून बसायची. इथे फकिरांचं, वाटसरूंचं आणि लष्कराचं पीठ निघायचं, तेही कुणाचा खांदा न दुखता.

सवयीनं मी हिशेब मांडला. वीस फुटांचा पडाव आणि सेकंदाला दहा लिटर पाणी धरलं तर जेमतेम सहाशे वॅट. सुनेचा मिक्सर साडेसातशेचा आहे. पण तो दिवसरात्र चालवून बघा.

याआधी मलिक अंबरनंही खडकीला, म्हणजे जुन्या रूपातल्या याच शहराला, नहरीनंच पाणी पाजलं होतं. त्याच्या नहरीवर जागोजागी मनोरे आहेत. पाण्याचा दाब मोडायला आणि अडकलेली हवा सोडायला. आम्ही त्या कामाला एअर व्हॉल्व्ह बसवतो आणि तो चोरीला जातो. आता आमचं पाणी येतं ते जायकवाडी धरणातून. ते पूर्ण भरलं तरी पातळी १५२२ फूट, शहर त्याहून तीनशे फूट वर. आमचा प्रत्येक हंडा विजेच्या बिलावर चढून येतो. तो अपनेआप चढतो असं अजून कुणी म्हणालेलं नाही.

नोकरीतली एक दुपार मात्र या हिशेबात बसत नाही. जुन्या वस्तीत नव्या पाइपासाठी चर खणत होतो. चार फुटांवर पहारीखाली काहीतरी खणकन वाजलं. भाजक्या मातीचा नळ, भोवती चुन्याचा थर, इतका घट्ट की पहार उसळली. दुसऱ्या घावाला नळ फुटला. आतून पाणी आलं. फार नाही, मनगटाएवढी धार, पण नितळ. मजुरांतल्या एका म्हाताऱ्यानं ओंजळ धरून ते प्यालं. माझ्या वरिष्ठांना संध्याकाळपर्यंत चर बुजवून हवा होता. मी सिमेंटचं एक घमेलं मागवलं, तोंड बंद केलं.

रात्री मोजमाप वहीत नोंद करायची होती. रकाना लहान होता. मी लिहिलं: जुना नळ, निकामी.