मृतांच्या वतीने बोलताना

काही वर्षांपूर्वी मूकपटांच्या काळातील एका विस्मृत अभिनेत्रीवर मी लेख लिहिला होता. हाताशी होती चार कात्रणे, दोन छायाचित्रे आणि एक जाहिरात. मधल्या जागा मी तर्काने भरल्या. लेख छापून आल्यावर तिच्या नातीचा फोन आला. “आजी दुःखी होती, हे तुम्हाला कोणी सांगितलं?” एवढेच तिने विचारले. माझ्याजवळ उत्तर नव्हते. फिनलंडचे प्रयोगशील दिग्दर्शक आणि निर्माते रिस्तो यार्वा यांच्याकडे मी वळलो तो पुढे, याच प्रश्नाच्या टोचणीतून.

यार्वांचा जन्म १९३४ सालचा, हेलसिंकीचा. तंत्रविद्यापीठात रसायनशास्त्र शिकत असताना विद्यार्थ्यांच्या फिल्म क्लबात ते रमले आणि तिथून थेट चित्रपटनिर्मितीत उतरले. काळ मोठा अडचणीचा होता. दूरचित्रवाणीने प्रेक्षक ओढून नेला होता. वर्षानुवर्षे चित्रपट पुरवणारा सुओमेन फिल्मितेओल्लिसूस हा मोठा स्टुडिओ १९६५ मध्ये दिवाळखोरीत निघाला. यार्वा आणि त्यांच्या मित्रांची ‘फिल्मिनोर’ ही छोटी संस्था मात्र तगून राहिली. घरबांधणी, नगररचना अशा विषयांवरचे लघुपट ती करी आणि त्याच्या जोडीने कथापटही काढी. शहर कसे वाढते, माणसे कुठे आणि कशी राहतात, याचा जो अभ्यास लघुपटांसाठी झाला, तो कथापटांतही उतरला.

‘कामगाराची रोजनिशी’ (१९६७) हा त्याचा उत्तम नमुना. एक वेल्डर आणि कचेरीत काम करणारी तरुणी यांच्या संसाराची ही गोष्ट. फिनलंडच्या स्वातंत्र्याला पन्नास वर्षे झाल्याचा उत्सव त्याच वर्षी चालू होता. यार्वांनी मात्र १९१८च्या यादवी युद्धाची सावली या घरात पडलेली दाखवली. इतिहास स्वयंपाकघरापर्यंत येतो, तो असा.

दोन वर्षांनी आला ‘गुलाबांचा काळ’. कृष्णधवल, आणि काळ २०१२ सालचा. भविष्य उभे करायला पैसा नव्हता. प्लॅस्टिकचे फर्निचर, नव्या धाटणीचे कपडे आणि एर्क्की कुरेन्निएमींची इलेक्ट्रॉनिक उपकरणे यांवर काम भागवले गेले. छायाचित्रण अंत्ती पेइप्पो यांचे. पटकथेत समीक्षक पेतेर फॉन बाग यांचाही हात होता. आपल्या समाजात आता वर्गभेद उरला नाही, असे मानणाऱ्या या जगात रायमो नावाचा इतिहाससंशोधक दूरचित्रवाणीसाठी कार्यक्रम करतो आहे. विषय आहे १९७०च्या दशकात मरण पावलेली मॉडेल, सारा. अणुवीज केंद्रात काम करणारी किस्से ही तरुणी हुबेहूब तिच्यासारखी दिसते. रायमो तिला साराच्या भूमिकेत उभी करतो, तिच्या प्रेमात पडतो. पण किस्सेला स्वतःचे काही म्हणणे आहे, हे त्याच्या ध्यानातच येत नाही. साराच्या अखेरच्या प्रसंगाचे चित्रीकरण चालू असताना किस्सेचाच जीव जातो.

मी हा चित्रपट पाहिला तेव्हा २०१२ मागे पडले होते. त्यातले तंत्रज्ञान जुनाट वाटले. रायमो मात्र ओळखीचा निघाला. तो दुष्ट नाही, कष्टाळू आहे, आणि आपण तटस्थ आहोत अशी त्याची प्रामाणिक समजूत आहे. माझीही तीच होती.

हा विषय यार्वांनी सोडला नाही. ‘आकाश कोसळते तेव्हा’ (१९७२) मध्ये त्यांनी दुसऱ्याच्या आयुष्यावर पोसणाऱ्या सनसनाटी पत्रकारितेला हात घातला. ‘एका माणसाचे युद्ध’ (१९७३) मध्ये कर्ज काढून उत्खननयंत्र घेणारा, स्वतःचा धंदा करू पाहणारा माणूस आहे. त्याची दमछाक यार्वा त्याच्या शेजारी उभे राहून पाहतात, वरून नव्हे. पुढे ते विनोदी चित्रपटांकडे वळले, प्रेक्षकही वाढले. आर्तो पासिलिन्नांच्या कादंबरीवरचा ‘सशाचे वर्ष’ हा शेवटचा. डिसेंबर १९७७ मध्ये त्याच्या खास खेळानंतर घरी परतताना मोटार अपघातात ते गेले. वय ४३.

या योगायोगावरून ‘गुलाबांचा काळ’शी धागा जुळवण्याचा मोह मला झाला, हे कबूल करतो. पण तो धागा माझा झाला असता, यार्वांचा नव्हे.

त्या अभिनेत्रीवरचा लेख आता पुस्तकात येतो आहे. ‘दुःखी’ हा शब्द मी काढला आहे. तिथे काय लिहावे, ते विचारायला नातीला फोन केला. ती म्हणाली, “काही लिहू नका.” ती जागा मोकळी ठेवली आहे.