मिशिगनचा कॅचर : १८८२ साली ‘मेरिट’ कुठे कमी पडलं होतं?

जॅकी रॉबिन्सन हे नाव आपल्यातल्या बऱ्याच जणांनी ऐकलेलं असतं. १५ एप्रिल १९४७ रोजी तो ब्रुकलिन डॉजर्सकडून मैदानात उतरला आणि अमेरिकेच्या व्यावसायिक बेसबॉलमधली वर्णभेदाची भिंत पडली, असं सांगतात. तारीखही लक्षात राहण्यासारखी, भीमजयंतीच्या दुसऱ्या दिवसाची. पण भिंत पडली म्हणजे ती आधी कोणीतरी बांधली होती. ती कधी बांधली, आणि बांधण्याआधी मैदानात कोण होतं, हे शोधायला एका विद्यापीठाच्या संघाकडे जावं लागतं.

मिशिगन विद्यापीठाचा बेसबॉल संघ १८६६ सालचा. गुलामगिरीच्या प्रश्नावर लढलं गेलेलं अमेरिकेतलं यादवी युद्ध त्याच्या आदल्याच वर्षी संपलं होतं. १८८१ मध्ये या संघाला ओहायोतल्या ओबर्लिन कॉलेजने ९-२ असं हरवलं. ओबर्लिन हे वेगळं प्रकरण होतं. तिथे १८३५ पासूनच काळ्या विद्यार्थ्यांना प्रवेश होता, म्हणजे देशात गुलामांचा बाजार भरत होता तेव्हापासून. त्यांच्या संघात दोन काळे भाऊ होते, मोझेस फ्लीटवुड वॉकर आणि वेल्डी वॉकर. वडील डॉक्टर. मिशिगनला चांगला कॅचर हवा होता, त्यांनी मोझेसला आपल्याकडे ओढलं. तो कायद्याच्या अभ्यासासाठी अ‍ॅन आर्बरला गेला आणि १८८२ च्या हंगामात विद्यापीठाकडून खेळला. मिशिगनने त्या वर्षी १० सामने जिंकले, ३ हरले. मोझेसची फलंदाजीची सरासरी .३०८ होती, आणि बेसबॉलमध्ये .३०० च्या वर म्हणजे उत्तम. धाकटा वेल्डीही पुढे मिशिगनला गेला.

कॅचर म्हणजे आपल्या क्रिकेटमधल्या यष्टिरक्षकाच्या जागी बसणारा, पण त्याचं काम त्याहून मोठं. कोणता चेंडू टाकायचा याची खूण तो चेंडू फेकणाऱ्याला, म्हणजे पिचरला करतो. त्या काळी आजच्यासारखे जाड हातमोजे नव्हते, बोटं मोडायची. संघातली सगळ्यात अंगमेहनतीची आणि सगळ्यात डोक्याची जागा ती. तिथे एक काळा तरुण बसून गोऱ्यांना इशारे करत होता.

मिशिगनच्या मैदानात हे चाललं. बाहेरच्या जगात काय चाललं होतं? १८८१ च्या ऑगस्टमध्ये, मिशिगनला जाण्याआधी, वॉकर क्लीव्हलंडच्या एका संघासोबत केंटकीतल्या लुईव्हिलला गेला होता. तिथे त्याला खेळू दिलं नाही. त्याच्याही आधी, १८७९ मध्ये, ब्राउन विद्यापीठाचा विल्यम एडवर्ड व्हाइट हा खेळाडू प्रॉव्हिडन्सच्या मोठ्या लीगमधल्या संघाकडून एक सामना खेळला. तो जॉर्जियातल्या गोऱ्या मालकाचा आणि त्याच्या गुलाम स्त्रीचा मुलगा. पण तो जगला गोरा म्हणून, आणि खेळलाही गोरा म्हणूनच. आडनाव बदलून शहरात खोली भाड्याने घेणारी माणसं आपल्याला माहीत आहेत, त्यामुळे हे वेगळं समजावून सांगायची गरज नाही. वॉकर मात्र उघडपणे काळा होता. फरक तिथेच पडला.

विद्यापीठ सोडून वॉकर १८८३ मध्ये टोलेडोच्या व्यावसायिक संघात गेला. ऑगस्टमध्ये शिकागोचा संघ आला, आणि त्यांचा कप्तान कॅप अ‍ॅन्सन, त्या काळचा सर्वात मोठा तारा, काळ्याबरोबर खेळणार नाही म्हणून अडून बसला. टोलेडोच्या व्यवस्थापकाने सांगितलं, खेळला नाहीत तर तिकिटांच्या पैशातला वाटा मिळणार नाही. अ‍ॅन्सन मुकाट्याने खेळला! तत्त्वाचा प्रश्न खिशाला हात लागेपर्यंतच टिकला.

१८८४ मध्ये टोलेडो मोठ्या लीगमध्ये गेलं. १ मे रोजी वॉकर तिथे उतरला, रॉबिन्सनच्या ६३ वर्षं आधी. ४२ सामने खेळला. वेल्डीही काही सामने खेळला. याच संघातला पिचर टोनी मुलेन याने पुढे कबूल केलं की, वॉकर आपण पाहिलेला सर्वोत्तम कॅचर होता, पण काळ्या माणसाच्या खुणा पाळायच्या नाहीत म्हणून आपण मनाला येईल तसे चेंडू टाकायचो. म्हणजे चेंडू कुठून येणार हे माहीत नसताना वॉकर उघड्या हातांनी ते अडवत होता. आता सांगा, यात गुणवत्ता कोणाची कमी पडली? मुलेनला वॉकरची गुणवत्ता दिसत होती. दिसत होती म्हणूनच ती सहन होत नव्हती. आपल्याकडे पाळवणकर बाळूंच्या गोलंदाजीवर सामने जिंकणारे लोक त्यांना चहा मात्र बाहेर वेगळ्या मातीच्या भांड्यात देत होते.

१४ जुलै १८८७ ला नेवार्कच्या सामन्यात अ‍ॅन्सनने पुन्हा तोच हट्ट धरला, आणि या वेळी तो चालला. वॉकर आणि काळा पिचर जॉर्ज स्टोवी, दोघेही बाहेर. त्याच दिवशी इंटरनॅशनल लीगच्या मालकांनी नव्याने काळे खेळाडू घ्यायचे नाहीत असं ठरवलं. मोठ्या लीगमध्ये तर तसा लेखी नियमही नव्हता. ‘सभ्य लोकांचा करार’ म्हणायचे त्याला. कागदावर काही नसल्यामुळे कोर्टात कोणाला खेचायचं हाही प्रश्नच. गावात पाणवठा बंद करायला तरी ठराव कुठे लागत होता?

१८८८ मध्ये दुसऱ्या एका लीगने काळ्यांना करारबद्ध करण्याची परवानगी काढून घेतली, तेव्हा वेल्डीने ‘स्पोर्टिंग लाइफ’ या वृत्तपत्रात खुलं पत्र लिहिलं. त्याचा मुद्दा असा होता की, वगळायचंच असेल तर वर्तन किंवा बुद्धी पाहून वगळा, कातडी पाहून नको. विद्यापीठात शिकलेल्या माणसाचं ते पत्र होतं, आणि माझ्या मते या सगळ्या इतिहासातला तो सर्वात महत्त्वाचा कागद आहे.

आता मिशिगनकडे परत येऊ. १९१० ते १९१३ या काळात या संघाचा प्रशिक्षक होता ब्रँच रिकी. होय, रॉबिन्सनला करारबद्ध करणारा तोच. त्याआधी ओहायो वेस्लियनमध्ये असताना चार्ल्स थॉमस या त्याच्या काळ्या खेळाडूला हॉटेलने खोली नाकारली होती, आणि त्याचं रडणं आपण विसरू शकलो नाही, असं रिकी आयुष्यभर सांगत राहिला. गोष्ट हृदयस्पर्शी आहे, म्हणूनच ती चित्रपटात चालते. पण रिकीचं मन १९०० च्या दशकात द्रवलं आणि करार झाला १९४५ मध्ये. बाबासाहेब १९१३ मध्ये न्यूयॉर्कला पोहोचले, १९१६ मध्ये तिथून निघाले, तेव्हा त्या शहरातल्या मोठ्या लीगच्या एकाही संघात काळा खेळाडू नव्हता. मधल्या काळात बदललं काय? वेंडेल स्मिथ, सॅम लेसी यांच्यासारख्या काळ्या पत्रकारांनी वर्षानुवर्षं लेखण्या झिजवल्या. आणि १९४५ मध्येच न्यूयॉर्क राज्याने नोकरीतल्या वर्णभेदाविरुद्ध आयव्हस-क्विन कायदा केला. डॉजर्स न्यूयॉर्कचाच संघ. रॉबिन्सन ज्या काळ्या संघात खेळत होता, त्या कॅन्सस सिटी मोनार्क्सला रिकीने एक डॉलरही दिला नाही, हेही उद्धारकथेत येत नाही.

मेरिटवाल्यांसाठी आणखी एक आकडा. १९४० मध्ये लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठाकडून खेळताना रॉबिन्सनची सरासरी होती .०९७. हे त्याला कमी लेखायला लिहीत नाही. दार उघडल्यावर, संधी मिळाल्यावर माणूस काय होतो याचा तो पुरावा आहे. वॉकरकडे .३०८ होते. दार नव्हतं.

वॉकर १८८९ पर्यंत सिराक्यूजकडून खेळला. त्याच्यानंतर इंटरनॅशनल लीगमध्ये थेट १९४६ साली रॉबिन्सनच आला. १९०८ मध्ये वॉकरने ‘अवर होम कॉलनी’ हे पुस्तक लिहिलं आणि काळ्यांनी अमेरिका सोडून आफ्रिकेला जावं असं मांडलं. ही वाट मला पटत नाही. पण १९४२ च्या नागपूर परिषदेत स्वतंत्र वसाहतींची मागणी का झाली हे ज्याला कळतं, त्याला वॉकरचा वैतागही कळेल. मे १९२४ मध्ये तो वारला. स्ट्यूबेनव्हिलच्या दफनभूमीत त्याच्या कबरीवर नावाचा दगडसुद्धा नव्हता. तो बसला १९९० मध्ये, आणि बसवला ओबर्लिनच्या माजी विद्यार्थ्यांनी.