मिठाखालचा हिशेब

बोलिव्हियातल्या उयुनीचं मिठाचं मैदान १०,००० चौरस किलोमीटरहून मोठं आहे. पण एक दिवसाच्या टूरमध्ये गाईडने आम्हाला आधी नेलं ते गंजलेल्या रेल्वे इंजिनांपाशी. १८७९ मध्ये सुरू झालेल्या युद्धात चिलीने बोलिव्हियाचा समुद्रकिनारा घेतला. पुढे ब्रिटिश भांडवलाच्या रेल्वेने इथलं खनिज त्याच किनाऱ्यावरच्या अंतोफागास्ता बंदरात जाऊ लागलं. खाणी मंदावल्या, इंजिनं इथेच पडून राहिली. त्याआधी पोटोसीची चांदी स्पेनने नेलीच होती.

दुपारी पांढऱ्याशुभ्र मिठावर मी मोबाईलने फोटो काढत होतो. त्या मिठाखालच्या खाऱ्या पाण्यात लिथियमचा प्रचंड साठा आहे. आपल्या मोबाईलची बॅटरीही लिथियमचीच.

२०१९ मध्ये पोटोसीत आंदोलन पेटलं. जर्मन कंपनीबरोबरचा लिथियम करार सरकारला रद्द करावा लागला. चांदीचा हिशेब लोक विसरले नव्हते.