मिरचीचा दाह आणि ॲलर्जी

मिरची खाल्ल्याने, हाताळल्याने किंवा तिची पूड श्वासावाटे आत गेल्याने शरीरावर होणाऱ्या अनिष्ट परिणामांचे दोन भिन्न प्रकार आहेत. पहिला प्रकार म्हणजे मिरचीतील कॅप्सेइसिन या तिखट द्रव्यामुळे होणारा दाह. तो कमीअधिक प्रमाणात सर्वांनाच होतो. दुसरा प्रकार म्हणजे मिरचीतील प्रथिनांमुळे मोजक्याच व्यक्तींत उद्‌भवणारी ॲलर्जी अथवा अधिहर्षता. नाक वाहणे, खोकला, त्वचा लाल होणे ही लक्षणे दोहोंतही आढळत असल्याने व्यवहारात त्यांची गल्लत होते. रसायनशास्त्र, शरीरक्रियाविज्ञान व प्रतिरक्षाविज्ञान या तीन शास्त्रांत सुमारे दोनशे वर्षे झालेल्या संशोधनातून हा भेद स्पष्ट झाला.

मिरची मूळची अमेरिका खंडातील असून कोलंबस यांच्या १४९२ मधील सफरीनंतर ती यूरोपात पोहोचली. भारताच्या पश्चिम किनाऱ्यावर ती सोळाव्या शतकात पोर्तुगीजांमार्फत आली. तोपर्यंत येथील स्वयंपाकात तिखटपणासाठी मिरी, पिंपळी व आले यांचा उपयोग होत असे. मिरचीचे मराठी नावही मिरीवरूनच पडले आहे. आयुर्वेदात तिखट म्हणजेच कटू हा सहा रसांपैकी एक मानला असल्याने मिरचीचा तिखटपणा ही एक चवच समजली गेली. आधुनिक संशोधनाने मात्र वेगळा निष्कर्ष काढला.

तिखट द्रव्याचा शोध : क्रिस्टियान फ्रीड्रिख बुखोल्त्स या जर्मन रसायनशास्त्रज्ञांनी १८१६ मध्ये मिरचीतील तिखट द्रव्य अशुद्ध स्वरूपात वेगळे केले. जॉन क्लफ थ्रेश यांनी १८७६ मध्ये ते स्फटिकरूपात मिळवून त्याला ‘कॅप्सेइसिन’ हे नाव दिले. १८९८ मध्ये कार्ल मिको यांनी ते शुद्ध स्वरूपात मिळविले, १९१९ मध्ये ई. के. नेल्सन यांनी त्याची संरचना निश्चित केली आणि १९३० मध्ये एर्न्स्ट श्पेट व स्टीफन डार्लिंग यांनी त्याचे संश्लेषण केले. हे द्रव्य पाण्यात जवळजवळ विरघळत नाही. तेल व अल्कोहॉल यांत विरघळते. फळात ज्या पांढरट भागाला बिया चिकटलेल्या असतात, त्या भागात ते सर्वाधिक असते.

तिखटपणा मोजण्याची पहिली रूढ पद्धत विल्बर स्कोव्हिल या अमेरिकन औषधनिर्मात्यांनी १९१२ मध्ये सुचविली. मिरचीचा अर्क साखरेच्या पाण्यात किती पट विरल केल्यावर तिखटपणा जाणवेनासा होतो, हे चव घेणाऱ्यांकडून ठरविले जाई. या श्रेणीत ढोबळ्या मिरचीचा अंक शून्य, तर शुद्ध कॅप्सेइसिनाचा सुमारे १ कोटी ६० लाख धरला जातो. व्यक्तिपरत्वे संवेदनशीलता बदलत असल्याने ही पद्धत सदोष होती. पुढे रासायनिक मापनाने तिची जागा घेतली.

दाहाची यंत्रणा : मिरचीतील द्रव्याची क्रिया मुख्यतः संवेदी तंत्रिकांवर होते, असे हंगेरीतील एंद्रे ह्योगेश यांनी १८७८ मध्येच दाखविले होते. त्याच देशातील मिक्लोश यांचो यांना १९४० नंतरच्या दशकात असे आढळले की, कॅप्सेइसिनाच्या वारंवार मात्रा दिलेल्या प्राण्यांना रासायनिक क्षोभकांची वेदना जाणवेनाशी होते. सवयीने तिखट सोसते, या सर्वसामान्य अनुभवाशी हे निरीक्षण सुसंगत आहे. १९९७ मध्ये डेव्हिड जूलियस व त्यांचे सहकारी यांनी कॅप्सेइसिन ज्याला जोडले जाते तो ग्राही ओळखला. ‘टीआरपीव्ही-१’ या नावाने ओळखला जाणारा हा ग्राही सुमारे ४३° से. वरील उष्णतेनेही उद्दीपित होतो. म्हणून मिरचीने ‘आग’ होते हे वर्णन शब्दशः खरे ठरते. म्हणजेच तिखटपणा ही चव नसून उष्णतेची व वेदनेची संवेदना आहे. जूलियस यांना २०२१ चे वैद्यकाचे नोबेल पारितोषिक आर्देम पाटापूटियान यांच्यासमवेत विभागून मिळाले.

ॲलर्जी : ‘ॲलर्जी’ ही संज्ञा क्लेमेन्स फोन पिर्के यांनी १९०६ मध्ये प्रचारात आणली. तीस कारणीभूत असणारे आयजीई हे प्रतिपिंड १९६७ च्या सुमारास अमेरिका व स्वीडन येथे स्वतंत्रपणे ओळखले गेले. मिरचीच्या फळात अशा प्रतिपिंडांना उद्दीपित करणारी प्रथिने आढळली असून त्यांपैकी प्रोफिलीन हे अनेक वनस्पतींच्या परागकणांतही असते. त्यामुळे बर्च अथवा दवणावर्गीय वनस्पतींच्या परागकणांची ॲलर्जी असलेल्या काहींना मिरचीही सोसत नाही. तिखट नसलेल्या ढोबळ्या मिरचीनेही ॲलर्जी होते, यावरून तिखटपणा व ॲलर्जी यांची कारणे वेगळी असल्याचे उघड होते.

दोहोंच्या सीमेवरील काही विकारांचाही अभ्यास झाला आहे. तिखट खाताना नाक वाहणे ही तंत्रिकांची प्रतिक्षेपी क्रिया असून ॲट्रोपिनाने ती थांबते, असे १९८९ मध्ये दाखविण्यात आले. काही व्यक्तींना सुगंधी द्रव्ये, धूर यांनी खोकला येतो, परंतु त्यांच्यात ॲलर्जी वा दमा आढळत नाही. अशा रुग्णांच्या परीक्षणासाठी कॅप्सेइसिन हुंगविण्याची चाचणी वापरतात. मिरच्यांचे देठ खुडणारे व मिरची कांडणारे यांच्या हातांची आग व ठसका हे बहुधा दाहाचेच परिणाम असतात. तथापि वारंवार संपर्काने खरी ॲलर्जीही उद्‌भवू शकते.

हा भेद उपचारांच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. तोंडाची आग पाण्यापेक्षा दुधाने अधिक शमते आणि हातांना लागलेले तिखट तेल चोळून मग साबणाने धुतल्यास निघते. परंतु अंगावर गांधी उठणे, ओठ व घसा सुजणे, धाप लागणे किंवा भोवळ येणे ही लक्षणे दिसल्यास ते ‘तिखट सोसले नाही’ असे मानून चालत नाही. ती तीव्र ॲलर्जी असू शकते व तीवर ॲड्रेनॅलिनाचे अंतःक्षेपण तातडीने द्यावे लागते. उलटपक्षी, केवळ दाहाला ॲलर्जी समजून मिरची कायमची वर्ज्य करण्याचे कारण नसते. ज्या द्रव्याने वेदना होते त्याचाच उपयोग आता वेदनाशमनासाठी होतो : ८ टक्के कॅप्सेइसिन असलेली पट्टी नागिणीनंतर उरणाऱ्या वेदनेवरील उपचारासाठी २००९ मध्ये अमेरिकेत संमत झाली.