आबांचा जपान, आजीचा जपान

आमचे आबा, म्हणजे आजोबांचे थोरले भाऊ, पाचव्या मराठा रेजिमेंटच्या पहिल्या पलटणीत होते. जंगी पलटण तीच. सिन्नर-संगमनेरच्या या कोरडवाहू पट्ट्यात बाजरी एक साल देते आणि दुसऱ्या साली हात वर करते. तेव्हा थोरल्याने पलटणीत जायचं, बायकांनी घरी बसून विड्या वळायच्या, हे कितीतरी घरांत ठरलेलंच होतं. आबांची पलटण इटलीत लढली. ९ एप्रिल १९४५ रोजी सेनिओ नदीकाठच्या लढाईत व्हिक्टोरिया क्रॉस मिळवणारे नामदेव जाधव याच पलटणीतले, संगमनेरजवळच्या निमजचे. त्यांचं नाव निघालं की म्हातारपणीही आबा बसल्या जागी ताठ होत.

पण इटलीबद्दल ते फार बोलत नसत. बोलायचे ते जपानबद्दल. लढाई संपल्यावर १९४६ मध्ये त्यांची पलटण जपानला गेली, तीही लढायला नव्हे, तर हरलेल्या देशावर पहारा ठेवायला. आपल्या लोकांना हे फारसं ठाऊक नाही आणि मला त्याचं वाईट वाटतं. जपानचा ताबा अमेरिकेने घेतला, मॅकआर्थर टोकियोत बसला, एवढं सगळ्यांना माहीत असतं. पण पश्चिम होन्शू आणि शिकोकू हा भाग ब्रिटिश, ऑस्ट्रेलियन, न्यूझीलंडच्या आणि भारतीय सैन्याकडे होता. आपले जवान दहा हजारांच्या आसपास होते. डिव्हिजनचं मुख्यालय ओकायामाला, आणि तिच्यातल्या आबांच्या २६८ ब्रिगेडचं पार उत्तरेच्या किनाऱ्यावर, मात्सुए गावात. ब्रिगेडमध्ये एक पंजाबी, एक मराठा आणि एक गुरखा पलटण होती आणि ब्रिगेडियर होते कूर्गचे थिमय्या, जे पुढे आपले लष्करप्रमुख झाले.

आबा कुरे बंदरात उतरले. तिथून हिरोशिमा जवळच. आगगाडीतून त्यांना जे दिसलं ते ते दोनच वाक्यांत सांगत: "गाव नव्हतंच. नुसतं सारवलेलं अंगण." त्यापुढे कितीही विचारलं तरी बोलत नसत. मात्सुएचं तळं, गुडघाभर बर्फ, कागदाच्या भिंतींची घरं, आणि दोरी धरून लावल्यासारखी सरळ रेषेतली भातं यांचं मात्र भरभरून वर्णन करत. जपानी माणसांशी घसट ठेवायची नाही असा हुकूम होता. तरी उपाशी पोरं छावणीभोवती घोटाळत, आणि आपल्या ताटातली चपाती कुंपणापलीकडे जाई, हे साहेबालाही माहीत होतं असं आबा म्हणत.

त्यांच्या गोष्टींतली एक मात्र वेगळी होती. मात्सुएच्या किनाऱ्यासमोर समुद्र आणि समुद्रापलीकडे कोरिया. रात्री लहान लहान होड्या येत, त्यांत माणसं कोंबलेली असत. पलटणीचं काम होतं ती धरायची, मोजायची आणि परत पाठवायला पुढे द्यायची. "एक बाई कडेवर पोर घेऊन सारखी गावाकडं बोट दाखवत व्हती," आबा सांगत. "आम्हाला तिचं कळंना, तिला आमचं. आम्ही तिला लाइनीत बसवली." हे सांगताना ते माझ्याकडे बघत नसत.

ती बाई कोण असेल याचा उलगडा मला फार उशिरा झाला. १९१० मध्ये जपानने कोरिया गिळला. पुढच्या पस्तीस वर्षांत लाखो कोरियन पोटासाठी, आणि शेवटी शेवटी सक्तीने, जपानच्या खाणींत आणि कारखान्यांत नेले गेले. युद्ध संपलं तेव्हा जपानात वीस लाखांच्या आसपास कोरियन होते. बहुतेक घरी परतले. पण घर कसलं? देश अडतिसाव्या अक्षांशावर चिरलेला, हाताला काम नाही, त्यात १९४६ ची पटकी. म्हणून काही जण पुन्हा होडीत बसले आणि जिथे आयुष्य काढलं होतं तिकडे परत निघाले. ती बाई बोट दाखवत होती तिकडे बहुधा तिचं घर असेल. कायद्याने हे लोक अजून जपानचेच प्रजाजन होते. १९५२ मध्ये शांतता करार अमलात आला तेव्हा जपानने ते नागरिकत्वही काढून घेतलं. शेजाऱ्याशी जपानचं जे भांडण आजतागायत मिटलेलं नाही, त्याच्या अगदी पहिल्या रात्री आमचे सिन्नरचे आबा बंदूक घेऊन किनाऱ्यावर उभे होते.

१९४७ च्या उत्तरार्धात भारतीय तुकड्या परतल्या. आबा घरी आले तेव्हा देश स्वतंत्र झाला होता, आणि घरात जपानचं नाव काढायची सोय नव्हती.

त्याचं कारण आजी. तिचा पाठचा भाऊ चौथ्या मराठा पलटणीत होता. मार्च १९४४ मध्ये जपानी सैन्य ब्रह्मदेशातून मणिपुरात घुसलं, तेव्हा सांगशाकच्या टेकडीवर पॅराशूट ब्रिगेडबरोबर ही पलटण अडकली. २२ ते २६ मार्च. खडकाळ जमीन, खंदक खणता येईनात, पाणी नाही, तारेचं कुंपण नाही. त्या चार-पाच दिवसांत जपान्यांची जी खोटी झाली तिच्यामुळे कोहिमाच्या बचावाला वेळ मिळाला, असं इतिहासकार मानतात. आजीला यातलं काहीच माहीत नव्हतं. तिला माहीत होती ती तार. इम्फाळच्या भारतीय सैनिकांच्या स्मशानभूमीत दहन केलेल्या जवानांची नावं कोरलेली आहेत, हेही तिला कुणी सांगितलं नव्हतं.

दीर जपानच्या भाताचं कौतुक सांगतोय आणि भावजय सूप घेऊन आतल्या खोलीत विड्या वळायला जातेय, हे मी लहानपणी कितीदा पाहिलं. भांडण कधीच झालं नाही. आबा तिला मान देत. ती आत गेली की आवाज खाली आणत.

कॉलेजात असताना मी तिला १९५२ च्या कराराबद्दल वाचून दाखवलं होतं. सप्टेंबर १९५१ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोला जपानशी तह झाला. एकावन्न देश जमले होते. चीनला बोलावणंच नव्हतं, ना माओच्या, ना चँगच्या. कोरियालाही नव्हतं. रशिया आला, पण त्याने सही केली नाही. नेहरूंनी भारताचा प्रतिनिधी पाठवला नाही. अमेरिकेचं सैन्य जपानात राहणार, ओकिनावा अमेरिकेच्या हाती राहणार, फॉर्मोसाचं, म्हणजे तैवानचं, काय ते लिहिणार नाही, हा बरोबरीचा तह नव्हे, असं भारताचं म्हणणं होतं. मग ९ जून १९५२ रोजी टोकियोत भारताने स्वतंत्र करार केला आणि युद्धाच्या भरपाईचे सगळे दावे सोडून दिले. मला तेव्हा त्याचा फार अभिमान वाटला होता, आजही वाटतो.

आजीने हातातली विडी पुरी केली, दोरा बांधला आणि म्हणाली, "सोडलं ते बरं केलं. पैसं घेऊन काय करायचं व्हतं? पर कुणीतरी येऊन सांगाया पायजे व्हतं."

युद्धोत्तर जपानच्या परराष्ट्र व्यवहारावर मी पुढे बरंच वाचलं. आजीच्या त्या बोलण्याइतकं नेमकं मला त्यात फारसं सापडलं नाही.

कारण जपानने पैसे दिले. ब्रह्मदेशाला १९५४ च्या करारानुसार वीस कोटी डॉलर, फिलिपिन्सला १९५६ मध्ये पंचावन्न कोटी, मग इंडोनेशियाला, दक्षिण व्हिएतनामला. रोकड कमी, यंत्रं आणि जपानी कंपन्यांची कामं जास्त. त्यामुळे देणाऱ्याचेही कारखाने उभे राहिले आणि घेणाऱ्याचीही धरणं. दक्षिण कोरियाशी संबंध जुळायला मात्र १९६५ उजाडलं. तीस कोटी डॉलर अनुदान, वीस कोटी कर्ज, आणि सगळे दावे कायमचे मिटले असं कलम. सोलच्या रस्त्यांवर विद्यार्थी या कराराविरुद्ध उतरले होते. पैशांतून पोहांगचा पोलाद कारखाना उभा राहिला. खाणीत राबलेल्या माणसाच्या हाती फारसं काही आलं नाही. म्हणूनच २०१८ मध्ये कोरियाच्या सर्वोच्च न्यायालयाने जपानी पोलाद कंपनीने या कामगारांना भरपाई द्यावी असा निकाल दिला, आणि दोन्ही देशांचे संबंध पुन्हा फाटले. चीनने १९७२ मध्ये जपानचे पंतप्रधान तानाका बीजिंगला गेले तेव्हा भरपाई सोडून दिली. नानकिंगच्या कत्तलीचा विषय त्याने सुटला नाही. १९९५ मध्ये पंतप्रधान मुरायामांनी आक्रमणाबद्दल मनापासून माफी मागितली, त्याला पन्नास वर्षं लागली होती. पुढच्या पंतप्रधानांपैकी कुणी युद्धात मेलेल्यांच्या यासुकुनी देवळात गेला की ती माफी शेजाऱ्यांना पुन्हा पुसट वाटू लागे.

आपल्याला हे सगळं दुरून बघता येतं, कारण जपानचं युद्ध आपल्या दाराशी फार थोडं आलं: मणिपूर, नागा टेकड्या, अंदमान. अंदमान म्हटलं की आमच्याकडे तिथल्या तुरुंगातले, शेजारच्या भगूरचे सावरकर आठवतात. पण १९४२ ते १९४५ तीच बेटं जपान्यांच्या ताब्यात होती, त्याच तुरुंगात त्यांनी तिथल्या भारतीयांना हेर ठरवून डांबलं, छळलं, मारलं. दुसरीकडे सावंतवाडीकडचे जगन्नाथराव भोसले आझाद हिंद सेनेत मोठ्या हुद्द्यावर होते आणि जपान्यांच्या बरोबरीने दिल्लीकडे निघाले होते. स्वतंत्र भारतात ते नेहरूंच्या सरकारात उपमंत्री झाले. टोकियोच्या युद्धगुन्ह्यांच्या खटल्यात न्यायमूर्ती राधाबिनोद पाल यांनी सगळ्या आरोपींना निर्दोष ठरवलं, जपानी सैन्याने अत्याचार केले हे नाकारलं मात्र नाही. निकालाचा पहिला भाग जपानात आणि आपल्याकडेही सगळे सांगतात, दुसरा क्वचितच कुणी.

मैत्री गावापर्यंत आली ती भातातून. बोरिवलीच्या कोरा केंद्रात जपानी पद्धतीच्या भातशेतीचे प्रयोग झाले आणि १९५३ पासून देशभर तिची मोहीम निघाली. सिन्नर कोरडं, पण तालुक्याच्या पश्चिमेला पांढुर्लीकडून घोटी-इगतपुरीकडे गेलं की भाताची खाचरं लागतात. माझ्या वडिलांचे मामा तिकडचे. गादीवाफ्यावर रोपं करायची, दोरी धरून नऊ-दहा इंचांवर लावायची, ओळींमधून कोळपं फिरवायचं, शेणखताबरोबर अमोनियम सल्फेट टाकायचं. मामा सुरुवातीला हसले, म्हणाले, भात काय कवायत करणार आहे? मग आबांनी स्वतः जाऊन बांधावर उभं राहून दोरी धरली. त्यांनी ते डोळ्यांनी बघितलं होतं ना! त्या साली खाचरात उतारा वाढला, आणि मामांनी आबांच्या घरी तांदळाचं पोतं पाठवलं. आजीने ते शिजवलं. तिने काय मनात आणलं असेल ते मला माहीत नाही. पोतं कुठल्या पद्धतीच्या भाताचं आहे हे तिला सांगितलं होतं, एवढं खरं. पुढे साठच्या दशकात खोपोलीला भारत-जपान प्रात्यक्षिक शेतीही सुरू झाली.

मे १९५७ मध्ये जपानचे पंतप्रधान किशी दिल्लीला आले. युद्धानंतर इथे आलेले ते पहिले जपानी पंतप्रधान. युद्ध पुकारलं तेव्हा ते पंतप्रधान तोजोंच्या मंत्रिमंडळात होते, मग युद्धगुन्ह्याच्या संशयावरून तीन वर्षं तुरुंगात, खटला न चालताच सुटलेले. ऑक्टोबरात नेहरू टोकियोला गेले. १९५८ मध्ये जपानने परदेशाला दिलेलं पहिलं येन कर्ज भारताला मिळालं, पाच कोटी डॉलर किमतीचं. जपानला गोवा-रेडीकडचा लोखंडाचा दगड हवा होता, आपल्याला यंत्रं. वडिलांच्या मनगटावरचं एचएमटी घड्याळ सिटिझनच्या तंत्रावर बंगळूरला बनलेलं होतं. सौदा दोघांच्या सोयीचा होता आणि तो सचोटीने पाळला गेला, हे मी मोकळेपणाने म्हणेन.

तो एकदाच जोरात अडखळला. मे १९९८ मध्ये पोखरणला स्फोट झाले, सिन्नरच्या वावी वेशीत पेढे वाटले गेले. आबा शहात्तरचे होते. त्यांनी पेढा खाल्ला, जुना शिपाई होता तो. काही दिवसांनी बातमी आली की जपानने नवी कर्जं थांबवली. पारावर कुणीतरी चिडून बोललं. आबा म्हणाले, "त्यांनी रागवायचंच. त्यांनी बघितलंय." कर्जावरची ती बंधनं २००१ च्या ऑक्टोबरात उठली. तोवर आबा गेले होते, आजी त्यांच्याआधीच.

आता पुण्यात सिंहगड रस्त्यावर ओकायामाच्या कोराकुएन बागेच्या धर्तीवर केलेली बाग आहे, पु. ल. देशपांडे यांच्या नावाची. रविवारी गर्दी असते. ओकायामा म्हणजे आबांच्या डिव्हिजनचं मुख्यालय. माझा भाचा पुण्यातच जपानी शिकला आणि आता ओसाकात नोकरी करतो. तिथे त्याच्या टेबलाशेजारी बसणारी मुलगी कोरियन वंशाची आहे, जपानात जन्मलेली, पासपोर्ट मात्र दक्षिण कोरियाचा. तिची पणजी युद्धानंतर होडीतून परत जपानला आली होती, असं तिने त्याला सांगितलं. त्याने मला फोन केला.

"मामा, आबा तिकडे किनाऱ्यावर होते ना? नेमकं काय काम होतं त्यांचं?"

मी त्याला होड्यांचं सांगितलं. कडेवर पोर घेतलेल्या बाईचं सांगितलं.

"म्हणजे धरून परत पाठवलं त्यांना?"

"हो. हुकूम होता."

तो जरा थांबला. म्हणाला, "हे मी तिला सांगणार आहे."

मी म्हटलं, "सांग. आणि फोनवर नको, समोर बसून सांग."