गीतापलीकडचे संगीत : भास्कर चंदावरकर

मराठी चित्रपटसंगीताचा इतिहास बहुधा गीतांचा इतिहास म्हणूनच लिहिला गेला. आकाशवाणीने आणि ध्वनिमुद्रिकांनी जे घराघरांत पोहोचविले तेच संगीत, असे समीकरण त्यातून रूढ झाले. भास्कर चंदावरकर (१९३६–२००९) यांची कारकीर्द या समीकरणात सामावत नाही.

पं. रविशंकर यांच्याकडे सतारीची तालीम घेतलेल्या चंदावरकरांनी १९६५ पासून सुमारे पंधरा वर्षे पुण्याच्या चित्रपटसंस्थेत संगीताचे अध्यापन केले. प्रभात स्टुडिओच्या आवारात उभ्या राहिलेल्या या संस्थेतून बाहेर पडणाऱ्या तरुणांना व्यावसायिक चित्रपटाचा नाचगाण्यांचा साचा नको होता. त्यांना हवा होता दृश्याचा अर्थ जाणणारा संगीतकार. कुमार शहानी यांचा ‘माया दर्पण’ (१९७२) आणि के. जी. जॉर्ज यांचा मल्याळम ‘स्वप्नाडनम’ (१९७५) हे या संस्थेत घडलेल्या दिग्दर्शकांचे चित्रपट. दोहोंचे संगीत चंदावरकरांचे. गिरीश कार्नाड यांचा कन्नड ‘ओंदानोंदु कालदल्लि’ (१९७८) आणि मृणाल सेन यांचा ‘खंडहर’ (१९८४) हेही याच मालिकेतले. अशा रीतीने एका मराठी संगीतकाराने भाषांच्या सीमा सहजपणे ओलांडल्या.

दुसरी वाट रंगभूमीवरून आली. ‘घाशीराम कोतवाल’ (१९७२) या नाटकात कीर्तन, अभंग, लावणी यांचा त्यांनी केलेला उपयोग केवळ रंजनासाठी नव्हता. भक्तीचे सूर आणि सत्तेचा विलास शेजारी शेजारी ठेवले की दांभिकता आपोआप उघडी पडते, हे त्या संगीताने दाखविले. त्या नाटकाचे दिग्दर्शक जब्बार पटेल ‘सामना’ (१९७५) घेऊन चित्रपटाकडे वळले, तेव्हा संगीतासाठी चंदावरकरच त्यांच्याबरोबर होते. त्या चित्रपटातील आरती प्रभूंचे गीत रवींद्र साठे यांच्या स्वरात लोकांच्या स्मरणात राहिले. चंदावरकरांच्या चित्रपटकार्यापैकी सर्वसामान्य श्रोत्याला ठाऊक असतो, तो बहुधा एवढाच भाग.

याचे कारण उघड आहे. गीत चित्रपटापासून वेगळे होऊन जगू शकते. पार्श्वसंगीत चित्रपटाबरोबरच जगते आणि त्याच्याबरोबरच नाहीसे होते. समांतर चित्रपटांना प्रदर्शनाची संधी आधीच तोकडी. त्यांच्या प्रती जीर्ण झाल्या की संगीतकाराचे कामही मूक होते. कोठे वाजवायचे याइतकेच कोठे थांबायचे हे ज्याला कळते, त्याचे श्रेय तर दृश्यातच विरघळून जाते.

संदीप सावंत यांच्या ‘श्वास’ला (२००४) राष्ट्रीय सुवर्णकमळ मिळाले. १९५४ साली ‘श्यामची आई’ला मिळालेल्या पहिल्या सुवर्णपदकानंतर पन्नास वर्षांनी हा सर्वोच्च मान मराठीकडे आला. दृष्टी गमावणाऱ्या नातवाची आणि त्याच्या आजोबांची ही कथा. तिचेही संगीत चंदावरकरांचेच होते.

जुन्या चित्रपटांच्या जतनाचा विचार आज होत आहे. त्यात चित्राइतकीच ध्वनिपट्टीची चिंता वाहिली गेली, तरच या संगीताचा इतिहास लिहिता येईल. अन्यथा चंदावरकरांसारख्यांची नावे श्रेयनामावलीत उरतील आणि त्यांचे काम ऐकायला मात्र कोठेच मिळणार नाही.